संन्यासिनीने तिकीट लावून गाणं कितपत बरोबर?

तुम्ही विचारलंय की नेपाळच्या आनी छोइंग डोल्मा जर बौद्ध भिक्षुणी आहेत तर स्टेजवर गाऊन पैसे कसे घेतात, हा धंदाच झाला ना. मी काही बौद्ध धर्माचा जाणकार नाही, फोंड्याचा भजनी माणूस, पेटी वाजवतो, तेवढ्यापुरतंच घ्या.

मी त्यांना पहिल्यांदा ऐकलं २०१३ साली, टीव्हीवरच्या कोक स्टुडिओ या गाण्याच्या कार्यक्रमात, 'झरिया'. लावलं होतं खरं तर रहमानसाठी. मुंडण केलेली बाई बौद्ध स्तोत्र म्हणायला लागली, तान नाही मुरकी नाही, नुसता सरळ सूर, मी गंमत म्हणून पेटीवर तो सूर धरून बसलो तर भाता मारून मारून माझाच हात दुखला, तिचं आपलं शांत चाललेलं.

मग शोधून वाचलं. बाप मारायचा, त्यातून सुटायला ही लहानपणीच नागी गोम्पात, म्हणजे बौद्ध मठात, गेली, काठमांडूजवळ शिवपुरीच्या डोंगरात आहे तो. गाणं तिथलंच, म्हणजे मंत्र, स्तोत्रं, रोजचं म्हणणं. स्टीव्ह टिबेट्स म्हणून एक अमेरिकन गिटारवाला तिथे पोचला, त्याने हे ऐकलं आणि १९९७ साली दोघांचा 'छो' अल्बम आला. तिथून परदेशात कार्यक्रम, आणि पैसे.

आता पैशांचं. मठात मुलगे शिकायचे आणि भिक्षुणींच्या वाट्याला पाठांतर नि कामं, हे तिने स्वतः पाहिलेलं, म्हणून २००० साली भिक्षुणींसाठी आर्य तारा शाळा काढली, तिथे गणित, इंग्रजी, सायन्स सगळं. आई किडनीच्या आजाराने गेली, तर किडनीच्या पेशंटसाठी संस्था काढली. गाण्याचा पैसा तिकडे जातो. मला विचाराल तर नसता गेला तरी माझी हरकत नव्हती. आम्ही भजनाला जातो तेव्हा नारळाबरोबर पाकीट मिळतं की, बिदागी म्हणतो आपण त्याला. वास्कोच्या दामोदर सप्ताहाला चोवीस तास अखंड भजन चालतं, त्या दिवसांत बाहेरून नामवंत गायक येतात, त्यांना कोणी विचारतं का की देवाच्या दारात मानधन कसं घेता? बुवांना नाही विचारत, बाईला विचारतात.

आणि हे आपल्याकडे नवीन नाही हो. आपल्या गोव्याच्याच गायिका, केरीच्या केसरबाई केरकर, कुर्डीच्या मोगूबाई कुर्डीकर, दोघीही देवळाशी बांधलेल्या समाजातून आलेल्या. गाणं लोकांना हवं होतं, बाईला मान द्यायची वेळ आली की तोंडं वाकडी. त्याच केसरबाईंची भैरवी १९७७ साली व्हॉयेजर यानातून अंतराळात गेली, असो, विषय भरकटला.

शेजारच्या ख्रिश्चन टीचरशी हा विषय निघाला तर त्या म्हणाल्या आमच्यात पण झालं की, इटलीची सिस्टर क्रिस्टीना, २०१४ ला टीव्हीवरची गाण्याची स्पर्धा जिंकली, तेव्हा पण कोणी नाकं मुरडली, कोणी डोक्यावर घेतलं. २०२२ ला तिने स्वतःच संन्यास सोडल्याचं सांगितलं. तिच्यावर बोट ठेवून लोक म्हणतात बघा, प्रसिद्धी मिळाली की असंच होतं. पण छोइंग डोल्मा अजून भिक्षुणीच्या वस्त्रातच आहेत ना, मग एकीवरून दुसरीचा हिशोब कसा लावणार?

ऐकायचं असेल तर 'फूलको आँखामा'पासून सुरू करा, नेपाळी असलं तरी अर्धं आपल्याला कळतं. 'छो' रात्री ऐका, मोबाईल लांब ठेवून. रहमानचं शेवटी.