सेवाखंड आणि दोषारोपपत्र एकदमच आलं, थेट मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात) जाऊ का?

तुम्ही लिहिलंय की राज्य शासनाच्या कार्यालयात लिपिक आहात. मंजूर रजेवर गेलात, आजार लांबला आणि पुढचे सात महिने रजा मंजूर नव्हती. रुजू झाल्यावर तो काळ सेवाखंड, म्हणजे नोकरीत पडलेला खंड, धरला आणि आता अनधिकृत गैरहजेरीचं दोषारोपपत्रही हातात पडलंय. मी आस्थापना शाखेत काम करून निवृत्त झालो. त्यानंतर अनेक चौकशांत बचाव सहायक म्हणून, म्हणजे कर्मचाऱ्याची बाजू मांडायला, बसलो. त्या अनुभवावरून सांगतो.

आधी ही दोन प्रकरणं वेगळी करा. सेवाखंडाचा आदेश निवृत्तिवेतनावर घाव घालतो, कारण खंड पडला की आधीची सगळी सेवा हिशेबातून जाऊ शकते. पण महाराष्ट्र नागरी सेवा (निवृत्तिवेतन) नियम, 1982 मधला नियम 47 नीट वाचा. मंजूर रजेला जोडून झालेली गैरहजेरी, त्या जागेवर कायम स्वरूपात दुसरा कोणी नेमलेला नसेल तर, अपवादात मोडते. तुमची सुरुवात मंजूर रजेनेच झाली आहे, म्हणून हा मुद्दा सोन्यासारखा आहे. शिवाय तो काळ मागाहून असाधारण (बिनपगारी) रजेत बदलता येतो. नियम 48 मध्ये खंड क्षमापित (माफ) करण्याची तरतूदही आहे. हे सगळं वैद्यकीय प्रमाणपत्रांसह नियुक्ती प्राधिकाऱ्याकडे लेखी मागा. आपल्या प्रतीवर आवक क्रमांक, तारीख आणि शिक्का घेतल्याशिवाय टेबल सोडू नका.

रजा मंजूर झाली की आरोप आपोआप गळून पडतो, असं मात्र समजू नका.

दोषारोपपत्रावर लगेच न्यायाधिकरणात धावणं मला पटत नाही. नुसत्या दोषारोपपत्रात न्यायालयं सहसा हात घालत नाहीत. ते सक्षम प्राधिकाऱ्याने काढलेलं नसेल किंवा अवास्तव उशिराने आलं असेल, तर गोष्ट वेगळी. एरवी तुमची केस चौकशीतच उभी राहते. न्यायाधिकरण पुरावा नव्याने तोलत बसत नाही. चौकशी नियमाप्रमाणे झाली का, निष्कर्षाला काही पुरावा आहे का आणि शिक्षा धक्कादायक वाटण्याइतकी जास्त आहे का, हे ते पाहतं.

म्हणून उत्तर देताना एक वाक्य ठाम असू द्या: गैरहजेरी हेतुपुरस्सर नव्हती. कृष्णकांत परमार प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने 2012 मध्ये म्हटलंय की गैरहजेरी जाणूनबुजून होती हे सिद्ध झाल्याशिवाय ती गैरवर्तणूक ठरत नाही. दवाखान्याची कागदपत्रं आणि कार्यालयाला पाठवलेल्या अर्जांच्या पोचपावत्या उत्तरालाच जोडा. पुढे देऊ म्हणून राखून ठेवलेला कागद बहुतेकदा उपयोगी पडत नाही.

दोषारोपपत्राचं जोडपत्र 3 (कागदपत्रांची यादी) आणि जोडपत्र 4 (साक्षीदारांची यादी) बघा. एका प्रकरणात जोडपत्र 4 मध्ये ‘निरंक’, म्हणजे एकही साक्षीदार नाही, असं लिहिलं होतं. कागद कोणी सिद्ध केलेच नाहीत, तरी चौकशी अधिकाऱ्याने आरोप सिद्ध ठरवला. आम्ही पहिल्या सुनावणीलाच त्यावर लेखी हरकत घेतली होती, ती रोजनाम्यात (चौकशीच्या रोजच्या नोंदीत) आली आणि पुढे न्यायाधिकरणात शिक्षा रद्द झाली ती त्याच मुद्द्यावर. तोंडी हरकतीला किंमत नाही. जोडपत्र 3 मधले कागद मिळाले नाहीत तर तेही लिहून द्या. शेवटी चौकशी अहवालाची प्रत मिळून त्यावर म्हणणं मांडायची संधी हवी. सर्वोच्च न्यायालयाच्या 1993 च्या करुणाकर निकालाने हा हक्क पक्का केला आहे.

शिक्षा झालीच तर 45 दिवसांत अपील करा. सहा महिन्यांत निर्णय आला नाही तर मॅटमध्ये मूळ अर्ज (तिथला दावा) करायची वाट मोकळी होते आणि तिथून एक वर्षाची मुदत धावते. स्मरणपत्रांनी ती वाढत नाही. यात मी भली माणसं अडकलेली पाहिली आहेत, साहेब ‘बघतो’ म्हणाले आणि वर्ष गेलं. मॅटचा निकाल विरोधात गेला तर पुढे उच्च न्यायालयाचं खंडपीठ.

हे वाचणारं कोणी जिल्हा परिषदेत असेल तर त्यांच्यासाठी मॅट नाही. त्यांची शिस्तीची नियमावली वेगळी आणि न्यायालयीन दाद थेट उच्च न्यायालयात.

दोषारोपपत्रासोबतच्या ज्ञापनात (कार्यालयाच्या पत्रात) उत्तराची मुदत काय आहे ते आधी पाहा. थोडेच दिवस उरले असतील तर आजच कागदपत्रांची मागणी करून लेखी मुदतवाढ मागा.