‘काढूनच टाकले शेवटी’

फोन भरला म्हणून समुपदेशकाकडे कोणी येत नाही. लोक येतात झोप लागत नाही म्हणून, मुलगा बोलत नाही म्हणून, घरात कुरबुरी वाढल्या म्हणून. पाऊण तास बोलून होतं, उठायची वेळ येते आणि मग पर्सची चेन लावता लावता सहज निघतं, “आणि ते फोनमधले गेम! नुसती जागा अडवून बसलेत, पण काढवत नाहीत हो.” गेल्या काही वर्षांत हे वाक्य इतक्यांदा ऐकलंय, की आता कोणी ते म्हटलं की मी त्यांना पुन्हा खाली बसवते.

कोणाला स्वतःचा गेम काढवत नाही, कोणाला मुलाचा काढायचा असतो आणि कोणाचा परस्पर काढला गेलेला असतो. एका बापलेकाच्या निमित्ताने हे तिन्ही प्रकार एकाच खोलीत माझ्यासमोर आले. ओळख पटू नये म्हणून तपशील बदलले आहेत आणि सात भेटी चार प्रसंगांत बसवल्या आहेत.

मुलगा चौदा वर्षांचा. बाबांचा जुना, ६४ जीबीचा फोन त्याच्याकडे आलेला. शाळेच्या एका प्रकल्पाचा व्हिडिओ अर्ध्यावर थांबला, स्क्रीनवर ‘जागा शिल्लक नाही’ आलं. त्या रात्री मुलगा झोपल्यावर बाबा फोन घेऊन बसले.

“काढूनच टाकले शेवटी सगळे,” ते म्हणाले. “कचरा होता मॅडम. दहा मिनिटांत फोन मोकळा. आणि हा तीन आठवडे माझ्याशी बोलत नाहीये.”

“किती काढले?”

“अकरा.”

“त्यातले तो खेळायचा किती?”

“ते मला काय माहीत! खेळतच असतो.”

मुलगा खिडकीबाहेर बघत होता. तसाच बघत म्हणाला, “तीन. बाकीचे आठ मलाही नको होते.”

अकरापैकी आठ गेमच्या बाबतीत दोघांचं एकमत होतं. भांडण उरलं होतं फक्त तीन गेमचं. त्यातही खरं एकाचंच. त्या गेममध्ये त्याने तीन वर्षं एक शहर बांधलं होतं. रस्ते, पूल, बंदर, आणि मित्राने सुचवलेला एक उगाचच वाकडा मनोरा. गेम पुन्हा उतरवून घेतला तेव्हा समोर रिकामं मैदान आलं आणि ‘तुमचं पहिलं घर बांधा’ अशी सूचना. तो ‘गेस्ट’ म्हणून खेळत होता. खातं जोडलेलं नसलं तर बऱ्याच गेममधली प्रगती त्या फोनवरच साठते आणि गेमबरोबर तीही जाते. बाबांना हे माहीत नव्हतं. मला वाटतं बहुतेक पालकांना माहीत नसतं. गेम परत आणला की सगळं परत येतं, असंच ते धरून चालतात.

मी शब्दांवर काम करणारी समुपदेशक आहे. मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस यांनी १९५०च्या दशकात मानसोपचाराची जी विवेकनिष्ठ पद्धत मांडली, तिच्यात माझी जडणघडण झाली. माणूस स्वतःशी कोणत्या भाषेत बोलतो, तिथे माझे कान असतात. आणि मराठीत हे काम मला सोपं वाटतं, कारण आपल्याकडे ‘च’ आहे. माणसाचा सगळा हट्ट या एका अक्षरात मावतो. बाबांचं बोलणं मी कागदावर उतरवलं होतं: काढायलाच हवे होते, तो ऐकतच नाही, फोन भरतच जातो. मुलाचंही तसंच: सगळंच घालवलं, बाबांना माझं काहीच आवडत नाही. दुसऱ्या भेटीत मी दोघांच्या वाक्यांतल्या ‘च’भोवती लाल गोल केले आणि आपापली वाक्यं ‘च’ वगळून वाचायला सांगितली.

बाबांनी वाचली. कागद खाली ठेवला आणि म्हणाले, “मला काही फरक वाटत नाही, मॅडम.”

माझा हा हातखंडा प्रयोग. क्वचित फसतो, पण त्या दिवशी साफ फसला. मुलाने तर वाचायलाही नकार दिला.

तिसऱ्या भेटीत मी बोलणं बाजूला ठेवलं. दोघांना आपापले फोन टेबलावर ठेवायला सांगितले आणि सेटिंग्जमधली स्टोरेजची यादी उघडायला लावली, सगळ्यात मोठं वर, छोटं खाली. मुलाच्या फोनमध्ये अकरा गेम गेल्यावर साधारण नऊ जीबी मोकळे झाले होते. त्याने स्वतः काढलेले व्हिडिओ त्याहून जास्त जागा खात होते, त्यांच्याकडे कोणी बघितलंच नव्हतं. बाबांच्या फोनमध्ये तर एकही मोठा गेम नाही, तरीही तो काठोकाठ भरलेला. वर नाव दिसत होतं चॅटच्या ॲपचं, ३१ जीबी. सकाळच्या शुभेच्छा, आरोग्याचे सल्ले, एकच व्हिडिओ पाच ग्रुपमधून पाच वेळा. मुलगा काही बोलला नाही. पण त्याने ती यादी वाचली, हे बाबांनी बघितलं.

यादीत खाली एक बुद्धिबळाचं ॲप होतं. चौदा महिन्यांत एकदाही न उघडलेलं.

“हे काढा की,” मी म्हटलं.

बाबांनी त्यावर बोट टेकवलं. ‘अनइन्स्टॉल’ अशी अक्षरं आली. बोट तसंच वर. मी घड्याळ बघितलं नाही, पण तो वेळ लांबत गेला. शेवटी त्यांनी फोन उलटा ठेवला.

“राहू दे. कधीतरी निवांत खेळेनच मी.”

“बाबा,” मुलगा म्हणाला, “‘च’.”

इतक्या आठवड्यांत तो बाबांशी बोललेला हा पहिला शब्द. शब्द म्हणजे अक्षरच. बाबांनी त्याच्याकडे बघितलं, मग माझ्याकडे, आणि कान पकडावेत तसे हसले. मुलानेच फोन सुलटा केला, आकडा बघितला आणि म्हणाला, “राहू दे ना. साठ एमबीच तर आहे.”

“आता तुझा ‘च’,” बाबा म्हणाले.

गेल्या भेटीतला माझा कागद त्यांनी वाया जाऊ दिला नव्हता तर! मी काही बोलले नाही. अशा वेळी न बोलणं मला जमतं आणि त्याचा मला थोडा अभिमानही आहे. थोड्या वेळाने बाबाच म्हणाले, “तुझं ते शहर... मला माहीत नव्हतं रे, ते परत येत नाही.” मुलगा म्हणाला, “मी फोटोपण काढून ठेवले नव्हते.” माफी या शब्दाचा उच्चार कोणी केला नाही. मीही करायला लावला नाही. लावायचा नसतो.

त्या संध्याकाळी माझ्या लक्षात आलं ते असं. आपण म्हणतो ‘नको असलेले गेम’. नको कोणाला, हे त्या शब्दांत कुठेच नाही. मुलाच्या शहरात त्याची मागची तीन वर्षं होती, बाबांच्या बुद्धिबळात पुढची निवांत वर्षं होती. ते ॲप काढणं म्हणजे तो निवांतपणा येणार नाही असं कबूल करणं. साठ एमबीसाठी ही कबुली कोण देईल? म्हणून ज्यांचा हात अडतो त्यांना मी आळशी म्हणत नाही. आणि जे दुसऱ्याचा गेम ‘कचरा’ म्हणून काढतात त्यांना विचारते, तुमच्या फोनमध्ये न उघडलेलं काय काय आहे?

आपल्या हातात असलेली वस्तू आपल्याला जास्त मोलाची वाटते, हे प्रयोगातून दिसलेलं आहे. डॅनियल काहनमन, जॅक नेट्श आणि रिचर्ड थेलर यांनी १९९० साली प्रसिद्ध केलेल्या प्रयोगांत काही विद्यार्थ्यांना साधे कॉफीचे मग दिले आणि विकायला सांगितले. ज्यांच्या हातात मग होता त्यांनी मागितलेली किंमत, मग नसलेले द्यायला तयार होते त्याच्या दुपटीच्या आसपास होती. काही मिनिटांपूर्वी मिळालेल्या मगाची ही गोष्ट. तीन वर्षं बांधलेल्या शहराचं काय होत असेल?

त्यात या गेमना शेवट नसतो. कादंबरी संपते, आपण ती कपाटात ठेवतो. इथे पातळी ४१२ नंतर ४१३ येते, रोजचं बक्षीस वाट बघत असतं, साखळी तुटली की पहिल्यापासून सुरुवात. निरोप घ्यायची जागाच बनवणाऱ्यांनी ठेवलेली नाही, मग ती आपल्याला करावी लागते. मी सुचवते ते अगदी साधं आहे. काढण्याआधी गेम एकदा उघडा, कुठवर आलो होतो त्याचे दोन-चार स्क्रीनशॉट घ्या, मग काढा. लोक हसतात. पण करून आलेले परत तो गेम उतरवत नाहीत, निदान माझ्याकडे आलेले तरी.

तरीही धीर होत नसेल तर मधला मार्ग आहे आणि तो फार कमी जणांना माहीत असतो. आयफोनमध्ये २०१७च्या आयओएस ११पासून ॲप ‘ऑफलोड’ करता येतं. ॲप जातं, त्यातला तुमचा डेटा फोनवर राहतो, परत घेतलं की पुढे चालू. अँड्रॉइडमध्येही आता बरीचशी ॲप अशीच ‘अर्काइव्ह’ करता येतात. महिनाभर तसं ठेवून बघा. आठवण आली नाही तर उत्तर मिळालं. मात्र गेमने स्वतःचा डेटाच मोठा साठवला असेल तर यात जागा कमी सुटते, हेही लक्षात ठेवा.

घाईत होणाऱ्या काही चुकाही सांगून ठेवते, कारण त्या चुकांचे अश्रू माझ्या खोलीत येतात. स्क्रीनवरचं चिन्ह हटवलं म्हणजे गेम गेला असं नाही, तो आत तसाच असतो आणि जागाही तेवढीच घेतो. ‘कॅशे साफ करा’ हे बहुधा निरुपद्रवी, पण त्याच्या शेजारचं ‘डेटा साफ करा’ दाबलंत तर गेस्ट खेळाडूची सगळी कमाई पुसली जाते. म्हणून आधी गेमच्या सेटिंग्जमध्ये जाऊन तो एखाद्या खात्याशी जोडलेला आहे का ते बघा, नसेल तर जोडा. गेमचं मासिक वर्गणीचं काही चालू असेल तर गेम काढून ते थांबत नाही, ते वेगळं जाऊन रद्द करावं लागतं. आणि फोनबरोबरच आलेले काही गेम निघतच नाहीत, फक्त बंद करता येतात. त्यांच्यावर चिडून उपयोग नाही.

पालकांना मी एकच वाक्य बदलायला सांगते. “हे गेम काढ” म्हणू नका. “या फोनमध्ये दहा जीबी जागा हवी आहे, शनिवारपर्यंत. कुठून करायची ते तू ठरव,” असं म्हणा. आकडा तुमचा, मुदत तुमची, बोट त्याचं. या मुलाने चौथ्या भेटीपर्यंत जागा तर केलीच, वर स्वतःचे चाळीसेक व्हिडिओ बघून, निवडून काढले. बाबांना तो हिशोब त्याने कागदावर लिहून दाखवला.

एक मात्र वेगळं काढून सांगायला हवं. काही घरांत ‘जागा नाही’ हे नुसतं निमित्त असतं. खरी भीती असते ती मूल खेळण्यात वाहून चालल्याची. तसं असेल तर जागेचं नाव पुढे करू नका, मुलांना ते कळतं. जागतिक आरोग्य संघटनेच्या आयसीडी-११ या आजारांच्या वर्गीकरणात, जे जानेवारी २०२२पासून लागू झालं, गेमिंगच्या विकाराची नोंद आहे. पण तिथे तास मोजलेले नाहीत. खेळण्यावरचा ताबा सुटणं, बाकी सगळ्याच्या आधी खेळ येणं, नुकसान दिसत असूनही न थांबणं आणि हे साधारण वर्षभर टिकून राहणं, असं ते चित्र आहे. त्यासाठी तज्ज्ञाकडे जावं. अनइन्स्टॉल हा त्यावरचा उपाय नव्हे, काढलेला गेम पुन्हा उतरवायला दोन-चार मिनिटं लागतात.

सातव्या भेटीला बाबा एकटेच आले. सगळं ठीक आहे म्हणाले, मुलगा बोलतो, नवीन शहर बांधतोय, खातं जोडून. मग खुर्चीत जरा पुढे सरकले.

“एकच अडचण आहे मॅडम. त्याने आता माझ्या फोनमधले ते ३१ जीबी साफ करायला घेतलेत. मीच म्हटलं होतं, विचारल्याशिवाय काही काढायचं नाही. तर तो प्रत्येक व्हिडिओला विचारतो. प्रत्येक! काल रात्री साडेअकरापर्यंत आम्ही सकाळच्या शुभेच्छा बघत बसलो होतो.”