प्लायवूड एवढं महाग का झालंय, आणि थांबलो तर स्वस्त होईल का?

तुम्ही विचारलंय की घराचं फर्निचर काढलंय, सुताराने प्लायचा सांगितलेला आकडा ऐकून घाम फुटला, आणि व्हिएतनाम नेपाळकडून स्वस्त माल येतो असं सगळे म्हणतात तर तो आपल्यापर्यंत का पोचत नाही, सहा महिने थांबावं का. सांगलीत आमचं प्लाय आणि लॅमिनेटचं दुकान आहे, वडिलांनी सुरू केलेलं, मला काउंटरवर बसायला लागून वीसएक वर्षं झाली, तर जे रोज बघतो त्यावरून सांगतो. थांबू नका. का ते सांगतो, जरा लांबण लागेल पण पैसे तुमचे जाणारेत तर समजून घ्या.

आधी एक गोष्ट डोक्यातून काढा की प्लाय महाग होतं ते दुकानदार किंवा कंपनी नफा खाते म्हणून. प्लायचा भाव ठरतो लाकडावर, आणि आपल्याकडचं प्लायचं लाकूड आता जंगलातून येतच नाही, शेतातून येतं.

वडील सांगायचे की त्यांच्या सुरुवातीच्या काळात चांगला प्लाय म्हणजे आसामचा. तिकडे प्लायचे कारखाने निघाले होते मुळात चहाच्या पेट्यांसाठी, जंगल शेजारीच, जाड जाड लॉग, म्हणजे ओंडके. मग १२ डिसेंबर १९९६ ला सुप्रीम कोर्टाचा गोदावर्मन केसमधला आदेश आला. केस होती नीलगिरीच्या डोंगरातल्या जंगलतोडीची, पण आदेश लागला देशभर, मंजूर आराखड्याशिवाय जंगलातली तोड बंद, ईशान्येकडच्या राज्यांतून लाकूड बाहेर न्यायला बंदी, तिथल्या सॉ मिल आणि प्लायच्या कारखान्यांना कुलपं. एका आदेशात अख्ख्या धंद्याचा पत्ता बदलला. जंगल वाचायलाच हवं होतं, त्याबद्दल माझी काही तक्रार नाही, पण तिथल्या कामगारांचं काय झालं ते फारसं कोणी बघितलं नाही. त्यातले बरेच जण पुढे थेट केरळमध्ये पेरुंबावूरला गेले, कारण तिथे रबराच्या लाकडावर प्लायचे कारखाने उभे राहत होते. रबराचं झाड पंचवीस-तीस वर्षं चीक देतं, मग ते तोडून नवीन लावतात, ते तोडलेलं लाकूड प्लायला जातं. आमच्याकडे आजही केरळची गाडी येते.

दुसरा आणि मोठा अड्डा म्हणजे हरियाणातलं यमुनानगर. तिथे पॉप्लर आणि सफेदा, म्हणजे आपली निलगिरी. पॉप्लर हे झाड शेतकऱ्याच्या फार सोयीचं, हिवाळ्यात पानं झडतात त्यामुळे खाली गहू होतो, आणि सहा-सात वर्षांत तोडायला येतं. मी गेलो होतो एकदा तिकडे माल बघायला, पहाटे ट्रॅक्टर ट्रॉल्यांची रांग, प्रत्येकीत लॉग भरलेले, आणि आडतीवर क्विंटलच्या भावाने बोली लागते, अगदी आपल्या सांगलीच्या यार्डात हळदीचे सौदे निघतात तसंच. तिथून लॉग कारखान्यात जातो, पीलिंग मशीनवर पेन्सिल शार्पनरसारखा सोलला जातो, त्याची पातळ पत्ती निघते, ती पत्ती बायका आणि मुलं सुद्धा (हे बघून मला वाईट वाटलं) मोकळ्या मैदानात उन्हात वाळत घालतात. पाऊस लागला की पत्ती वाळत नाही, पत्ती नाही तर पत्त्यांचे थर ग्लूने चिकटवून दाबणारी प्रेस थांबते, आणि पंधरा दिवसांनी आमच्या सांगलीत १२ एमएमचा माल शॉर्ट होतो.

आता भावाची गंमत इथे आहे. २००० नंतर काही वर्षं पॉप्लरचा भाव इतका कोसळला की शेतकऱ्यांनी लावणं सोडलं. झाड सहा वर्षांचं पीक आहे, आज लावलं नाही तर तुटवडा आज दिसत नाही, सहा वर्षांनी दिसतो. मग भाव चढतो, लोक परत लावतात, परत एकदम माल येतो. २०२२-२३ च्या आसपास तुटवड्याची पाळी आली, लॉगचे भाव चढले आणि कारखान्यांकडून भाववाढीची पत्रकं एकामागून एक यायला लागली. त्यात त्याच निलगिरीवर कागदाचे कारखाने डोळा ठेवून, वर नवीन एमडीएफचे (लाकडाचे तंतू दाबून केलेल्या बोर्डाचे) मोठमोठे प्लांट आलेत त्यांनाही तेच लाकूड लागतं. गिऱ्हाईकं वाढली, झाडं तेवढीच. पॉप्लर आपल्या महाराष्ट्रात होत नाही, त्याला उत्तरेची थंडी लागते.

हे झालं आतल्या कोअरचं. वरचा जो लालसर गुळगुळीत थर तुम्हाला दिसतो त्याला फेस म्हणतात, आणि तो बाहेरच्या देशातून येतो. पूर्वी सगळा गुर्जन लाकडाचा, म्यानमारहून येणारा. म्यानमारने १ एप्रिल २०१४ पासून लॉग बाहेर द्यायचं बंद केलं. मग आपल्या कंपन्या म्यानमारमध्ये आणि लाओसमध्ये जाऊन सोलाईचे कारखाने टाकायला लागल्या, २०१६ मध्ये लाओसने पण कच्चं लाकूड बाहेर जायला बंदी घातली. मग सगळे वळले आफ्रिकेत गॅबॉनकडे, तिथल्या ओकुमे लाकडाकडे. गॅबॉनने तर २०१० मध्येच लॉग निर्यात बंद केली होती, लाकूड पाहिजे तर इथे या, इथे कारखाना टाका, आमच्या माणसांना काम द्या, मग घेऊन जा. न्कोक नावाचा औद्योगिक झोनच उभा केला त्यांनी, तिथे आज भारतीय कंपन्या फेस सोलतात आणि जहाजाने कांडल्याला पाठवतात. मला विचाराल तर त्या देशांचं बरोबर आहे. इंडोनेशियाने १९८५ मध्ये हेच केलं आणि बघता बघता तो जगातला मोठा प्लाय निर्यातदार झाला. पण आपल्या गिऱ्हाइकाच्या बाजूने बघितलं तर प्रत्येक बंदीनंतर आपला फेस आणखी लांबून यायला लागला, आणि डॉलर, जहाजाचं भाडं, कंटेनर मिळणं न मिळणं हे सगळं तुमच्या वॉर्डरोबच्या भावात आलं.

ग्लूचं पण तसंच. त्यात लागणारं फॉर्मल्डिहाइड बनतं मिथेनॉलपासून, आणि मिथेनॉल आपण बहुतेक आखातातून आणतो. तिकडे काही खुट्ट झालं की इकडे ग्लू महाग. साध्या प्लायच्या ग्लूला युरिया लागतो, आणि काही कारखाने शेतीचा अनुदानाचा युरिया त्यात वापरायचे, म्हणजे शेतकऱ्याच्या तोंडचा घास. २०१५ पासून सरकारने सगळा युरिया नीमकोटेड, म्हणजे कडुनिंबाचं तेल लावलेला, केला त्यामागे हा चोरटा वापर थांबवायचं पण कारण होतं, तरी अजून मधूनमधून धाडी पडतात.

आता तुमचा मुख्य प्रश्न, बाहेरचा स्वस्त माल. येत होता, चांगला भरपूर येत होता. व्हिएतनामकडे बाभळीच्या जातीची आणि निलगिरीची लागवड प्रचंड आहे, आसियान कराराने २०१० पासून शुल्कात सवलत, त्यामुळे त्यांचं शटरिंगचं, म्हणजे स्लॅब ओतताना लावायचं, प्लाय बंदरावर उतरून सुद्धा आपल्यापेक्षा स्वस्त पडायचं. नेपाळच्या तराईतल्या कारखान्यांचा माल पण, तिकडे डोंगरात उत्तीस म्हणून झाड आहे त्याचं प्लाय, रस्त्याने सीमा ओलांडून यायचं. मग आपल्या सरकारने क्वालिटी कंट्रोल ऑर्डर काढली, फेब्रुवारी २०२५ पासून प्लाय, फ्लश डोअर, एमडीएफ, पार्टिकल बोर्ड सगळ्याला आयएसआय मार्क सक्तीचा झाला. लहान कारखान्यांना थोडी जास्त मुदत दिली, पण बाहेरच्याला सुद्धा भारतीय मानक ब्युरोचा परवाना पाहिजे, तो नाही तर माल आत नाही. त्यामुळे तो परवाना हातात येईपर्यंत बाहेरच्या कारखान्यांना इकडे माल पाठवणं अवघड झालं. जगात तिकडे वेगळीच ओढाताण चालू आहे, अमेरिकेने २०१८ मध्ये चीनच्या प्लायवर जबर डम्पिंग ड्युटी (माल फार स्वस्तात टाकतात म्हणून लावायचा जादा कर) लावली तशी ऑर्डरी व्हिएतनाम, इंडोनेशियाकडे गेल्या, मग २०२५ मध्ये त्यांच्यावरही अमेरिकेतल्या कारखानदारांनी तक्रार टाकली. युरोपने २०२२ मध्ये रशियाचं बर्च प्लाय बंद केलं. म्हणजे एका दारातून हाकललेला माल दुसरं दार शोधतोच, आणि आपलं दार सध्या आयएसआयने अर्धं लावलेलं आहे.

यावर आमच्या बाजारात दोन मतं आहेत. माझं मत ऑर्डरच्या बाजूने आहे, आणि त्याचं कारण पुस्तकी नाही, ऑगस्ट २०१९ चं आहे. महापुरात आमच्या दुकानात छातीएवढं पाणी होतं, आठ दिवस. पाणी उतरल्यावर शटर उघडलं तर खालच्या रॅकमधला कमर्शियल एमआर, म्हणजे फक्त दमटपणा सोसणारा, माल असा सुटला होता की कडेला बोट घातलं की थर न् थर वेगळा होत होता, मधल्या पत्त्या फुगून काळ्या पडलेल्या, आंबूस वास. आणि त्याच रॅकमधले ७१० चे, म्हणजे आयएस ७१० या मानकाचे पाण्यात टिकणारे, खरे मरीन शीट, चिखल धुतला, मध्ये पट्ट्या घालून सावलीत वाळवले, सरळ राहिले. ७१० ची टेस्टच अशी आहे की तुकडा ७२ तास पाण्यात उकळायचा आणि तरी थर सुटता कामा नये. पण मनाला लागलं ते वेगळंच. आमच्या एका गिऱ्हाइकाच्या किचनच्या खालच्या ट्रॉल्या, शिक्षक माणूस, फंडातले पैसे काढून केलेल्या, त्याने दुसरीकडून स्वस्त मिळतंय म्हणून घेतलेला माल, शिक्का ७१० चा, वॉटरप्रूफ लिहिलेलं, पूर्ण उकलला. शीट उलटून बघितलं, शिक्क्यात परवाना नंबरच नव्हता. नुसता आकडा छापलेला. त्या बाई ओट्याशी उभ्या राहून ते थर हाताने गोळा करत होत्या ते मी विसरू शकत नाही. तेव्हा सक्ती असती तर निदान ते शीट बाजारात विकायला कुणाची हिंमत झाली नसती.

मग सक्तीने भाव वाढला का, तर थोडा वाढला, हो. टेस्टिंग, लॅब, लायसन फी आणि मुख्य म्हणजे खरोखर ग्लू घालावा लागतो. पण खरा तुटवडा लाकडाचा आहे आणि तो सहा महिन्यांत मिटणारा नाही, आज लावलेलं झाड तेवढ्यात उंची पण घेत नाही. जीएसटी २०१७ ला २८ टक्के होता तो त्याच नोव्हेंबरात १८ वर आला, तेव्हापासून तिथेच आहे, त्यामुळे त्या बाजूने सुद्धा लगेच काही मिळेल असं मला दिसत नाही.

हिशोब करून बघा. ८ बाय ४ चं शीट म्हणजे ३२ फूट. फुटामागे ५ रुपये उतरले असं धरा, जे चांगलं मोठं उतरणं झालं, तरी शीटला १६० वाचले, टू बीएचकेला ४० शीट धरले तर ६,४०० रुपये. सहा महिन्यांत सुताराची मजुरी आणि हार्डवेअर तेवढं वाढून जातं. त्यापेक्षा वाचवायचं तर जागा बघून माल घ्या. किचनच्या खालच्या भागाला आणि बाथरूमच्या दाराजवळ ७१० च, तिथे तडजोड नको. बेडरूमच्या वॉर्डरोबला बीडब्ल्यूआर, म्हणजे एमआर आणि मरीनच्या मधली ग्रेड, पुरतं, शोभेच्या पॅनेलिंगला एमआर चालतं. सगळ्या घराला मरीन घालायचं कारण नाही, बरेच जण भीतीने घालतात.

घेताना शीटवरचा आयएसआय मार्क आणि त्याखालचा सीएम/एल ने सुरू होणारा नंबर बघा, तो मानक ब्युरोच्या बीआयएस केअर ॲपमध्ये टाका, कंपनीचं नाव आणि परवाना चालू आहे का ते लगेच दिसतं. दुकानदार नंबर टाकू देत नसेल तर उठून दुसरीकडे जा. मग कडेने बघा, पत्त्यांमध्ये गॅप किंवा एकावर एक चढलेली पत्ती दिसली तर तिथे स्क्रू धरणार नाही. आणि बिल घ्या, पक्कं, त्यावर ग्रेड लिहून, नुसतं प्लाय १९ एमएम असं नको.

जाता जाता, गेल्या वर्षी आमच्याकडे मिरज भागातला एक शेतकरी आला होता, उसाच्या बांधाकडेने मलबार नीम लावलेला, सरळसोट झाडं, पाच वर्षांची, कुठे विकू विचारत होता. मी चार जणांना फोन केले, जवळपास घेणारा कुणी मिळाला नाही, शेवटी जळणाच्या भावाच्या थोडा वर विकला त्याने. दक्षिणेत याच झाडाची पत्ती काढतात. आपल्याकडे हे का जुळत नाही यावर कुणाला माहिती असेल तर कमेंटमध्ये सांगा, मला मनापासून जाणून घ्यायचंय, त्या शेतकऱ्याची अजून दीडशे झाडं उभी आहेत.

तुमच्या फर्निचरची मापं आणि सुताराने दिलेली यादी टाका इथेच, कुठे कुठली ग्रेड पुरेल ते बघून सांगतो.