मालिका लिहिणाऱ्याला चित्रपटाची पटकथा जमते का?

दैनंदिन मालिकेच्या लेखनचमूत काही वर्षे काढल्यावर चित्रपटाची पटकथा लिहिता येते का, की मालिकेमुळे हात कायमचा बिघडतो, असे आपण विचारले आहे. मी दोन्ही माध्यमांसाठी लिहिले आहे आणि हात बिघडतो हे मत मला मान्य नाही. मात्र मालिकेतून येणाऱ्या लेखकाला एक सवय जाणीवपूर्वक मोडावी लागते.

ती सवय म्हणजे निर्णय लांबवण्याची. मालिका चालू राहायची असते, म्हणून रहस्य उघड होता होता राहते, भांडण मिटले तरी त्याचे कारण शिल्लक राहते आणि प्रत्येक भाग पुढच्या भागासाठी काहीतरी बाकी ठेवतो. हे कौशल्य अवघड आहे आणि त्याला कमी लेखणाऱ्यांनी ते करून पाहावे. चित्रपटात मात्र साधारण शंभर-सव्वाशे पानांत, म्हणजे पानाला एक मिनिट या हिशेबाने सुमारे दोन तासांत, माणूस असा बदलावा लागतो की त्याला मागे फिरता येऊ नये. म्हणूनच मालिकालेखकाची पहिली पटकथा बहुधा मध्यावर रेंगाळते: संवाद खटकेबाज असतात, प्रसंग रंगतात, पण त्यांतला कोणताही काढला तरी कथेचे काही अडत नाही. असा मसुदा वाचायला आला की मी लेखकाला प्रत्येक दृश्याखाली, या दृश्याने कायमचे काय बदलले, ते एका वाक्यात लिहायला सांगतो आणि जिथे ते वाक्य सुचत नाही ते दृश्य काढायला लावतो.

अमेरिकी लेखक पॅडी चायेफ्स्की यांचा प्रवास या दृष्टीने अभ्यासण्यासारखा आहे. १९५३ मध्ये थेट प्रक्षेपणासाठी लिहिलेली ‘मार्टी’ ही दूरचित्रवाणी नाटिका त्यांनी स्वतःच चित्रपटासाठी विस्तारली. १९५५ च्या त्या चित्रपटाच्या पटकथेला ऑस्कर मिळाले आणि पुढे ‘द हॉस्पिटल’ व ‘नेटवर्क’ यांसाठी आणखी दोन. मोजक्या सेटवर, साध्या माणसांच्या बोलण्यातून नाट्य उभे करणे ते दूरचित्रवाणीसाठी लिहितानाच शिकले. त्यांच्या नाटिका एका बैठकीत संपत, हा फरक महत्त्वाचा. त्यामुळे आपल्याला स्वतंत्र कथांच्या एखाद्या मालिकेवर काम मिळत असेल तर मानधन थोडे कमी असले तरी ते जरूर घ्यावे.

दुसरी बाब श्रेयाची. मालिकेत लेखक बराच काळ टिकतो, चित्रपटात मात्र त्याच्या जागी दुसरा लेखक सहज आणला जातो. अमेरिकेतील रायटर्स गिल्डच्या नियमानुसार मूळ पटकथेवर नंतर आलेल्या लेखकाला पटकथेचे श्रेय हवे असेल, तर त्याचे योगदान किमान ५० टक्के असावे लागते, आणि वाद झाल्यास लवाद सगळे मसुदे वाचून निर्णय देतो. असे संरक्षण सर्वत्र नसते. म्हणून मसुद्यांची संख्या, प्रत्येक मसुद्याचे मानधन आणि श्रेयनामावलीतील नाव हे सगळे करारात लिहून घ्यावे, तारखेसह प्रत्येक मसुदा जपावा आणि निर्मात्याला कथा ऐकवण्यापूर्वी तिची लेखक संघटनेत नोंदणी करावी.

मालिका इतक्यात सोडू नका. पहिली पटकथा पूर्ण करून बाजूला ठेवा, दुसरी लिहा आणि निर्मात्याकडे जाताना ती दुसरी घेऊन जा.