आजीला शुद्ध मराठी शिकवू नका

प्रश्न : आम्ही मेलबर्नमध्ये राहतो. माझं माहेर बेळगाव जिल्ह्यातल्या खानापूर तालुक्यातलं, सासर नाशिकचं. मुलगी तेरा वर्षांची, मुलगा नऊ. दोघं रविवारच्या मराठी शाळेत जातात. शनिवारी माझ्या आईशी व्हिडिओ कॉल असतो. मध्यंतरी मुलानं तिला बोलता बोलता अडवलं, "आजी, 'मी येतो' नाही, 'मी येते' म्हणायचं." सगळे हसले, आईही हसली. पण तेव्हापासून ती जपून बोलते. आधी "काय करूलालास रं, कडू बेण्या?" अशी सुरुवात करायची. आता "काय करतो आहेस बाळा?" म्हणते आणि पुढं तिला फार काही सुचत नाही. मिस्टर म्हणतात, बरंच झालं, मुलांच्या कानावर एकच शुद्ध मराठी पडेल. मला मात्र आई पाहुणी असल्यासारखी वाटते. काय करावं?

उत्तर : ताई, येत्या शनिवारची वाट बघू नका. आजच आईंना फोन लावा आणि सांगा की पूर्वी बोलत होतीस तशीच बोल. मुलाला शेजारी बसवून सांगा, म्हणजे त्यालाही ऐकू जाईल. त्याला रागावू मात्र नका. शाळेत शिकवलेला नियम त्यानं लावून बघितला, एवढंच. आजीच्या गावाला दुसरा नियम आहे, हे त्याला कुणी सांगितलेलं नाही.

तो नियम असा. खानापूर, बेळगाव, निपाणी, पलीकडं चंदगड आणि कोल्हापूरपर्यंत बायका "मी येतो, मी गेलो, मी जेवलो" असंच म्हणतात. मीसुद्धा बेळगावात वाढले. लिहिताना "म्हणते" लिहिते आणि घरी आजही "म्हणतो" म्हणते. शेजारच्या कानडीत "नानु बर्तीनि" (मी येतो किंवा येते) हे पुरुषानंही म्हणायचं आणि बाईनंही. "मी" बोलत असताना क्रियापद बाई-पुरुष बघत नाही. तिसऱ्या माणसाबद्दल बोलताना मात्र बघतं : "अवनु बंदा", तो आला, "अवळु बंदळु", ती आली. आता तुमच्या आईंचं बोलणं नीट ऐका. स्वतःबद्दल त्या "मी आलो" म्हणतील, पण मावशीबद्दल "ती आला" असं त्यांच्या तोंडून कधीच येणार नाही. मुलाला हेच शोधायला सांगा. पाच मिनिटं आजीचं बोलणं ऐकून त्यानं स्वतः ताडून बघावं. चुका करणारं माणूस एकाच जागी दरवेळी तंतोतंत तीच चूक करत नाही, हे नऊ वर्षांच्या पोराला बरोबर कळतं.

"करूलालास"चंही तसंच. "करू लागला आहेस" हे जिभेवर झिजून झिजून "करूलालास" झालं. कुणी "करायलालास" म्हणतो, कुणी आणखी आखडून बोलतो, गावागणिक थोडा फरक पडतो. १९५६ साली राज्यं नव्यानं आखली गेली तेव्हा बेळगाव जिल्हा तेव्हाच्या म्हैसूर राज्यात गेला, पण त्यातला चंदगड तालुका वगळला गेला आणि आज तो कोल्हापूर जिल्ह्यात आहे. सरहद्द मधून गेली तरी खानापूरच्या आणि चंदगडच्या बाईचं बोलणं आजही एकमेकींना परकं वाटत नाही. मिस्टरांनाही हे सांगा. ही मराठी कानडीच्या संगतीनं बिघडलेली नाही. दोन भाषा शेकडो वर्षं एका गल्लीत राहिल्या, एका बाजारात बसल्या, त्यातून ती घडली. अण्णा आणि अक्का हे शब्द तर नाशिकच्या घरातही कानडीतूनच आलेत.

आता "कडू बेणं". पुढच्या उसाच्या लावणीसाठी राखून ठेवलेली कांडी म्हणजे बेणं. बेळगाव हा उसाचा जिल्हा, त्यामुळं वाण कुठला, जात कुठली हे तिथं बेण्यावरून बोललं जातं. पोराला "बेणं" म्हणताना त्याचा बाप, आजा, पणजा सगळे त्यात येतात : ज्या वाणाचा आहेस तसाच निघालास. लाडानं म्हटलेला "कडू" म्हणजे सहजासहजी न वाकणारा. आजी नातवाला हे म्हणते तेव्हा त्यात तक्रार थोडी आणि अभिमान जास्त असतो. "वांड" हा त्याचाच भाऊबंद : खोडकर, दावणीला न बसणारा.

"मुडदा बशिवला तुझा" हे याहून कडक आहे. शब्दाला शब्द लावून अर्थ सांगितलात तर मुलं घाबरतील, म्हणून तसा सांगू नका. कोण म्हणतं, कुणाला म्हणतं आणि कुठल्या सुरात, ते सांगा. पोरगं झाडावरून पडता पडता वाचलं की आजी हे म्हणते, आणि म्हणता म्हणता त्याचा गुडघाही चाचपते. भीती आणि माया एकदमच बाहेर पडतात. हेच वाक्य भांडणात परक्या माणसानं उच्चारलं तर ती शिवी होते. एकच वाक्य माणूस बदलला की बदलतं, हे मुलांना लहानपणी कळलं तर पुढं कुठल्याही भाषेत उपयोगी पडेल.

आजोबांच्या वयाची माणसं कट्ट्यावर एकमेकांना "रांडंच्या" म्हणून हाका मारतात, त्याची काळजी तुम्हाला आज ना उद्या वाटणारच. मित्रामित्रांत तो जिव्हाळ्याचा शब्द झालाय हे खरं आहे. पण त्याच्या मुळाशी एका बाईचा अपमान आहे, हेही तितकंच खरं. मुलीला हे स्पष्ट सांगता येतं. शब्द ओळखावा, ऐकून दचकू नये, आपण वापरू नये. मुलाला तर ठणकावून सांगा की तो शब्द समवयस्क म्हाताऱ्यांचा आहे, त्याचा नाही.

काही बोलण्यांत शब्दाचा अर्थ बघायचाच नसतो. फोनवर आजी आधी विचारते, "जेवलास काय?" तुमच्याकडं दुपारचे चार वाजलेले असतात आणि मुलगा घड्याळाकडं बघून गोंधळतो. बेळगावात वाटेत भेटलेला माणूस मराठीत "जेवण झालं काय?" म्हणतो, कानडीत "ऊटा आतेनरी?" म्हणतो, आणि दोन्हीचं उत्तर "झालं की, तुमचं?" एवढंच असतं. ते विचारणं म्हणजे बरा आहेस ना, असं आहे. निघतानाही तसंच. "जातो" म्हणायचं नाही, "येतो" किंवा "जाऊन येतो" म्हणायचं. कानडी शेजारीण "होगि बर्तीनि" म्हणते, तेही शब्दशः जाऊन येतोच. ज्या "येतो"ला तुमच्या मुलानं दुरुस्त केलं तो बहुधा कॉल संपतानाचाच असणार.

जुन्या बोलण्यात आडपडदा फार. बांगडी फुटली तर "वाढवली" म्हणतात. "परसाकडं जाऊन येतो" म्हणजे शौचाला. परस म्हणजे घरामागची मोकळी जागा, पूर्वी तिकडंच जावं लागायचं. "अक्काबाईचा फेरा आला" म्हणजे घराला अवकळा आली. अक्काबाई ही लक्ष्मीची थोरली बहीण, दारिद्र्याची देवता. कानडीत अक्का म्हणजे थोरली बहीण हे कळलं की नाव आपोआप उलगडतं. अवदसेलाही लोकांनी आदरानं अक्का आणि बाई म्हटलं, याचं मला फार कौतुक वाटतं. नाव घेताना मान दिला तर ती दाराशी न थांबता पुढं जाईल, अशी आशा त्यात असावी.

"कावळा शिवला" या शब्दाबद्दल मुलीशी वेगळं बोला. तेराव्या वर्षी ती आजीकडून तो ऐकेलच. पाळी आली की बाई चार दिवस बाजूला बसायची आणि घरातल्या पोरांना कावळा शिवला म्हणून सांगायचे. बाजूला बसवणं चूकच होतं आणि ते आपल्या घरात नको, हे तुम्ही म्हणा. पण आजीला ते चार दिवस कसे जायचे हे नातीनं विचारावं. आई लेकीला सहसा सांगत नाही ते आजी नातीला सांगते. हे बोलणं तिच्याच बोलीत होईल, पुस्तकी मराठीत तिला ते सांगता यायचं नाही.

काही म्हणी मात्र मुद्दाम पुढं नेऊ नका. जातीवरून हिणवणाऱ्या, विधवेला अशुभ म्हणणाऱ्या, आंधळ्या-पांगळ्याची थट्टा करणाऱ्या म्हणी आपल्याकडं पुष्कळ आहेत आणि त्या म्हणणारी माणसं बहुतेक वेळा प्रेमळच असतात. आजी बोलून गेली तर तिला तिथल्या तिथं तोडू नका. कॉल संपल्यावर मुलांना सांगा की हे वाक्य आपल्या घरात आपल्यापाशी थांबतं.

राहिला प्रश्न शाळेचा. परीक्षेत "येते" लिहायचं, यात वाद नाही. मुलं शाळेत एक इंग्रजी बोलतात, मैदानावर दुसरी बोलतात आणि दोन्हींत गल्लत करत नाहीत, तेव्हा मराठीच्या दोन तऱ्हाही त्यांना झेपतील. मुलांना वही करायला लावलीत तर शब्द आणि अर्थ असे दोन रकाने आखू नका. आजी कधी म्हणाली, कुणाला म्हणाली, तेव्हा काय चाललं होतं, ते लिहू दे. शब्द अडलाच तर मोल्सवर्थचा मराठी-इंग्रजी कोश शिकागो विद्यापीठाच्या संकेतस्थळावर खुला आहे. त्याची दुसरी आवृत्ती १८५७ची, त्यामुळं जुनी बोलणी त्यात बरीच सापडतात. गावी याल तेव्हा बेळगावजवळच्या कडोली, येळ्ळूर, उचगाव यांपैकी कुठं साहित्य संमेलन असेल तर मुलांना कथाकथनाला नेऊन बसवा. तिथं ही बोली व्यासपीठावरून, माईकवरून, शेकडो माणसांसमोर ऐकू येते.

आईंचा आवाज मुद्रित करणार असाल तर आधी त्यांना विचारा. आणि "आई, एखादा जुना शब्द सांग" असं म्हणू नका, तसा शब्द कुणालाच सुचत नाही. लावणीच्या दिवसांत पाऊस लांबला की काय करायचात, लग्नात वरातीवरून भांडण कसं झालं, धाकटा मामा लहानपणी किती वांड होता, असलं काहीतरी विचारा आणि मध्ये बोलू नका. मिस्टरांनाही तिथंच बसवा. नाशिककडची त्यांची स्वतःची आजी काय म्हणायची, हा पुढचा प्रश्न मुलगा त्यांनाच विचारणार आहे.