फिएरामोस्काला सरदार म्हणायचं की शिलेदार?

तुमचा प्रश्न असा की 'एत्तोरे फिएरामोस्का' या १९०९च्या इटालियन मूकपटावर मराठीत लिहिताना 'नाइट'ला, म्हणजे जुन्या युरोपातल्या घोडेस्वार योद्ध्याला, सरदार म्हणायचं की आणखी काही. माझं मत शिलेदारच्या बाजूने.

सरदार म्हटलं की आपल्याला हाताखाली फौज असलेला, जहागीर वगैरे असलेला माणूस दिसतो. या गोष्टीत तो मान इटालियन सेनानी प्रोस्पेरो कोलोन्ना याचा, नायक एत्तोरे फिएरामोस्का त्याच्या पथकातला. कापुआचा, खानदानी, पण स्वतः घोड्यावर बसून भाला चालवणारा लढवय्या. शिलेदार म्हणजे मुळात हत्यारबंद, अरबी 'सिलाह' म्हणजे शस्त्र आणि त्याला फारसी 'दार', आणि मराठ्यांच्या लष्करात स्वतःचं घोडं न् स्वतःची हत्यारं घेऊन चाकरीला येणारा तो शिलेदार, सरकारी घोड्यावर बसणारा तो बारगीर. आता १३ फेब्रुवारी १५०३ला दक्षिण इटलीतल्या बार्लेत्ताजवळ काय झालं बघा, एका फ्रेंच कैद्याने इटालियन लोकांना भित्रे म्हटलं म्हणून तेरा विरुद्ध तेरा अशी लढत ठरली, एत्तोरे इटालियनांचा म्होरक्या, आणि पैज काय तर हरणाऱ्याने घोडा आणि हत्यारं द्यायची, वर शंभर डुकाट, म्हणजे सोन्याची नाणी, खंडणी. म्हणजे पणाला लागलं तेच, ज्याच्यावरून शिलेदार ठरतो! हे इतकं चपखल बसतं की मला दुसरा शब्द सुचतच नाही.

अडचण एकच, पेपरवाल्यांनी 'पक्षाचे शिलेदार', 'साहेबांचा शिलेदार' करून करून त्याचा अर्थ निष्ठावंत माणूस असा करून टाकलाय. खरा शिलेदार बारगिरापेक्षा जास्त मोकळा असायचा, घोडं त्याचं स्वतःचं ना. म्हणून पहिल्यांदा शब्द येईल तिथे 'स्वतःच्या घोड्यानिशी लढणारा' एवढं जोडा, वाचक बरोबर पकडेल.

नाइट ही दीक्षा देऊन मिळणारी पदवीपण असते, तो भाग मात्र शिलेदारमध्ये येत नाही हे मान्य. त्या विधीबद्दल लिहायचं असेल तर सरळ 'नाइट' ठेवा. आणि कृपा करून 'शूरवीर' नको, तो गुण झाला, लष्करातली जागा नाही.

तेरा जणांच्या लढतीला 'द्वंद्व'सुद्धा खटकतं, द्वंद्व दोघांचं. 'बार्लेत्ताचं आव्हान' म्हणा, इटालियन 'दिस्फीदा'चा अर्थही तोच आहे.