चिठ्ठीखाली नाव नाही

गेल्या अंकात एका वाचकाला उत्तर देताना मी सहज 'द लंचबॉक्स'चं नाव घेतलं आणि त्यावरून इतकी पत्रं आणि मेल आले की या वेळचं अख्खं सदर याच विषयाला देतेय. ज्याचं नाव माहीत नाही, चेहरा माहीत नाही अशा माणसाचं प्रेम. सिनेमातलं, आणि बऱ्याच जणांनी लिहिलंय तसं, स्वतःच्या आयुष्यातलंही.

प्रश्न : ताई, मी २४ वर्षांची आहे, राहायला डोंबिवलीला आणि नोकरी लोअर परळला. दोन महिने झाले, माझ्या डेस्कच्या ड्रॉवरमध्ये आठवड्यातून दोनदा तरी पानात गुंडाळलेली सोनचाफ्याची फुलं असतात आणि सोबत पिवळी चिठ्ठी. 'काल चेहरा उतरला होता, आज बरी दिसतेस' असलं काहीतरी. खाली नाव नाही. मैत्रिणी म्हणतात किती फिल्मी, एन्जॉय कर. पहिले तीन-चार वेळा मलाही खूप छान वाटलं, पण आता ड्रॉवर उघडताना पोटात गोळा येतो. माझंच काही चुकतंय का? 'लंचबॉक्स' तर मला इतका आवडतो.

तुझं काहीही चुकत नाहीये, आधी हे डोक्यातून काढून टाक. आवडणं आणि मग भीती वाटणं, दोन्ही खरं आहे.

'लंचबॉक्स' (२०१३) पुन्हा एकदा बघ, पण या वेळी इरफान आणि निम्रत कौर दोघांनाही सोडून फक्त डब्याकडे बघ. तो डबा सकाळी इलाच्या (निम्रत) घरून नवऱ्यासाठी निघतो, चुकून भलत्याच टेबलावर जातो, आणि दुपारी परत येतो. रोज. डबा अगदी चाटूनपुसून परत येतो, पण नवरा भलत्याच भाजीचं नाव घेतो, तेव्हा इलाला शंका येते. मग ती चिठ्ठी ठेवते, साजन फर्नांडिस (इरफान) उत्तर देतो, आणि ते पहिलं उत्तर काय, तर आज जेवण खारट झालं होतं. कौतुक नाही, शायरी नाही. तरी मला ती सगळ्या सिनेमातली सगळ्यात प्रेमळ चिठ्ठी वाटते कारण त्यात एका माणसाने दुसऱ्याला खरं सांगितलंय, आणि दुसऱ्याला त्यावर रागावायची पूर्ण मुभा आहे. पुढे दोघं भेटायचं ठरवतात, ती हॉटेलात वाट बघत बसते, तो येतो, लांबून तिला बघतो आणि आपण म्हातारे झालो असं वाटून तिच्यापर्यंत जातच नाही. दुसऱ्या दिवशी ती काय करते आठवतंय? रिकामा डबा पाठवते. एक शब्द न लिहिता तिने त्याला झापलंय, आणि त्याला ते बरोब्बर कळतं, मग तो माफी मागतो, मी आलो होतो, तुला बघितलं, हे कबूल करतो.

आता मला सांग, तुझ्या ड्रॉवरमध्ये फुलं येतात, पण तुझा रिकामा डबा कुठे पाठवायचा? तुला रागवायचं असलं, नको म्हणायचं असलं, अगदी थँक्यू म्हणायचं असलं तरी कुणाला म्हणणार? त्या माणसाला तुझा चेहरा, तुझी जागा, तुझी तब्येतसुद्धा माहीत आहे आणि तुला त्याच्याबद्दल शून्य. 'आज बरी दिसतेस' हे वाक्य गोड आहे पण त्याचा अर्थ काल आणि आज दोन्ही दिवस कुणीतरी तुझ्यावर नजर ठेवून होतं. पोटात येणारा गोळा त्याचा आहे. इला आणि साजन दोघंही सारखेच अंधारात होते, म्हणून तिथे भीती नव्हती.

त्याच ड्रॉवरमध्ये तुझी चिठ्ठी ठेव. फुलं नकोत, काही बोलायचं असेल तर नाव सांगून समोर येऊन बोला, एवढंच. लाजाळू पण चांगला माणूस असेल तर एवढ्याने समोर येईल किंवा गप्प बसेल, दोन्ही चालेल. तरीही फुलं येत राहिली तर सगळ्या चिठ्ठ्या जपून ठेव आणि लेखी तक्रार कर, दहा किंवा जास्त माणसं कामाला असलेल्या प्रत्येक ऑफिसात लैंगिक छळाच्या तक्रारींसाठी अंतर्गत समिती असावीच लागते, २०१३ चा कायदाच आहे तसा. आणि मैत्रिणींना सांग की एन्जॉय करायचं की नाही ते ज्याच्या ड्रॉवरमध्ये येतं त्याने ठरवायचं असतं.

प्रश्न : मी कॉलेजला आहे, परळला राहतो. एक मुलगी मला एक वर्षापासून आवडते. समोर बोलायची हिंमत नाही म्हणून एक दुसरं अकाउंट काढून तिला इंस्टावर रोज रात्री चार ओळी पाठवायचो. तिने आधी कोण तू म्हणून विचारलं, मग नको पाठवूस म्हणाली, मग ब्लॉक केलं. नवीन अकाउंटवरून एकदा शेवटचं मनातलं सांगू का? पिक्चरमध्ये तर हिरोईन शेवटी ऐकतेच.

नको. नवीन अकाउंट काढू नकोस, मित्राच्या फोनवरून नको, तिच्या मैत्रिणीमार्फत नको. तिने उत्तर दिलंय आणि तेही तीनदा, कोण तू हे विचारलं तेव्हा तुला नाव सांगायची संधी होती, ती तू घेतली नाहीस.

मी तुला माझी गोष्ट सांगते. १९९३ मध्ये 'डर' आला, शाहरुख फोन करकरून जुही चावलाचा पिच्छा पुरवतो तो, तेव्हा मी कॉलेजात होते आणि आमच्याकडे नवीन नवीन फोन आलेला, हॉलमध्ये, वरती आईने विणलेलं क्रोशाचं झाकण. त्या वर्षी आमच्याकडे ब्लँक कॉल सुरू झाले. साधारण साडेनऊला रिंग वाजायची, बाबांनी उचलला की कट, मी उचलला की पलीकडे फक्त श्वास, आणि मागे कुठेतरी पंख्याची घरघर. बोलायचा कुणीच नाही. कदाचित तोही तुझ्यासारखाच कुणी घाबरट मुलगा असेल, माझ्यावर त्याचं खरंच प्रेम असेल, मला आजही माहीत नाही. पण घरात काय झालं तर आई मलाच विचारायला लागली की तूच कुणाला नंबर दिलास का, क्लासवरून यायला उशीर झाला की प्रश्न, आणि मी फोन उचलणं सोडलं ते सोडलंच, मैत्रिणींचेसुद्धा. ते झाकण आजही आईच्या कपाटात आहे आणि ते दिसलं की मला साडेनऊ वाजल्यासारखं वाटतं. त्या मुलाला वाटत असेल आपण काहीच केलं नाही, फक्त आवाज ऐकला.

'डर' बघताना थिएटरात पोरं शाहरुखसाठी शिट्ट्या मारायची. त्याचं कारण सोपं आहे, कॅमेरा त्याच्या खोलीत आहे. त्याचं एकटेपण, त्याचं वेड सगळं आपल्याला दिसतं, म्हणून आपल्याला त्याची कीव येते. जुही चावलाला त्यातलं काय दिसतं? वाजणारा फोन. तुला स्वतःचं मन दिसतंय, तिला फक्त एक बिनचेहऱ्याचं अकाउंट दिसतंय जे ब्लॉक केलं तरी परत येतं.

आणि हेही माहीत असू दे की नको म्हटल्यावरही मुलीला पुन्हा पुन्हा संपर्क करणं हा गुन्हा आहे, २०१३ पासून आहे आणि आता भारतीय न्याय संहितेच्या कलम ७८ मध्ये आहे, इंटरनेटवरचं तिचं वागणं टेहळणंही त्यातच येतं, पहिल्या वेळी तीन वर्षांपर्यंत शिक्षा होऊ शकते. तुला घाबरवायला नाही सांगत. तुझं वय लहान आहे आणि तू मला विचारलंस याचा अर्थ तुलाही आतून कळतंय. चार ओळी लिहिणं मात्र सोडू नकोस, वहीत लिही.

प्रश्न : चेहरा न बघता पत्रांवर प्रेम जुळण्याची ही कल्पना मूळ कुठली? आमच्या गिरगावात १९९९ साली 'सिर्फ तुम'वर तासन्‌तास वाद चालायचे. — एक ज्येष्ठ वाचक

काका, 'सिर्फ तुम' मूळचा तमिळ, 'कादल कोट्टै', १९९६ चा. दिग्दर्शक अगत्यन यांना त्यासाठी राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता. दोघांची ओळख पत्रातून, एकमेकांना बघितलेलंच नाही, आणि शेवटी ती त्याला ओळखते ती स्वतः बनवून पाठवलेल्या स्वेटरवरून. लोकांनी तेव्हा चेष्टा केली की फोटो मागवायला काय झालं होतं, पण मला तो स्वेटर फार आवडतो.

त्याच्याही आधी हंगेरीत मिक्लोश लास्लो यांचं 'पारफ्युमेरी' हे नाटक आलं, १९३७ मध्ये. एकाच दुकानात काम करणारे दोघं, दिवसभर भांडतात आणि रात्री एकमेकांनाच निनावी पत्रं लिहितात. त्यावरून १९४० मध्ये लुबिच यांचा 'द शॉप अराउंड द कॉर्नर' आणि १९९८ मध्ये ईमेलवाला 'यू हॅव गॉट मेल'. दोन्ही गोड आहेत पण माझी एक तक्रार आहे, दोन्हीकडे हिरोला आधी कळतं की पलीकडे कोण आहे आणि तो बराच काळ तिला सांगत नाही. तोपर्यंत दोघं बरोबरीने खेळत होते, तिथून ती एकटीच अंधारात.

दुसरी परंपरा दुसऱ्याच्या नावाने बोलण्याची, ती एडमंड रोस्तां यांच्या १८९७ च्या 'सिरानो द बर्जराक' नाटकापासूनची. आपल्याकडे 'साजन' (१९९१) त्याच वळणाचा, संजय दत्त टोपणनावाने कविता करतो, माधुरी त्या कवीच्या प्रेमात आणि मित्रासाठी तो गप्प. आणि गंमत बघा, 'लंचबॉक्स'मध्ये इलाला नाव कळतं तेव्हा ती वरच्या देशपांडे आंटींना 'साजन'चीच कॅसेट लावायला सांगते. त्या आंटी म्हणजे भारती आचरेकर, पूर्ण सिनेमात एकदाही दिसत नाहीत, फक्त आवाज आणि खिडकीतून खाली येणारी टोपली. आपल्या बिल्डिंगमध्ये अशा आंटी असतात म्हणून ते इतकं खरं वाटतं.

'पाकीजा'तली (१९७२) ट्रेनमधली चिठ्ठी राहिलीच. झोपलेल्या बाईच्या पायाशी अनोळखी माणूस पावलांचं कौतुक लिहून ठेवून जातो. माझ्या वरच्या सगळ्या बोलण्याला ती छेद देते, कारण तिलाही परतीचा पत्ता नाही. पण तो जातो. तिच्या मागे कोठ्यापर्यंत येत नाही. ती रोज रात्री रेल्वेची शिट्टी ऐकत राहते ते तिचं स्वतःचं वाट बघणं आहे.

प्रश्न : 'फँड्री'मधला जब्याही शालूला काहीच सांगत नाही. त्याला तुम्ही निनावी प्रेम म्हणाल का? — एक शिक्षिका, चेंबूर

म्हणेन, पण ते नाव त्याने लपवलेलं नाही, गावाने जातीपायी त्याला नावानिशी उभं राहू दिलेलं नाही. बाकीच्यांना भीती नकाराची असते, जब्याला (सोमनाथ अवघडेने काय काम केलंय) भीती ओळखू येण्याची. म्हणून तो काळ्या चिमणीच्या मागे, तिची राख टाकली की प्रेम जुळतं म्हणून. आणि शेवटी डुकरं पकडताना तो शालूला दिसतो, सगळ्या शाळेसमोर, आणि ती हसणाऱ्यांमध्ये असते. तो प्रसंग मी दोनदा बघितला, तिसऱ्यांदा बघायची ताकद नाही. तुमच्या वर्गात असा मुलगा असेल तर त्याला हिंमत कर, बोल, असं पटकन सांगू नका, बोलल्यावर त्याचं काय होतं ते आधी बघा.

प्रश्न : मी ६९ वर्षांचा. चाळीस वर्षांपूर्वी चाळीत समोरच्या गॅलरीतल्या एका मुलीला मी नाव न लिहिता पाच पत्रं पाठवली होती. ती संध्याकाळी पेटी वाजवायची, त्यातल्या गाण्यांबद्दल लिहायचो, बाकी काही नाही. पुढे तिचं लग्न झालं, माझंही. माझी बायको तीन वर्षांपूर्वी गेली, त्याही आता एकट्या असतात बोरिवलीला. चाळ पाडायला काढली आहे म्हणून जुन्या भाडेकरूंचं गेट-टुगेदर ठरलंय. त्यांना सांगू का?

काका, तुमचं पत्र मी तीन वेळा वाचलं.

चॅप्लिनच्या 'सिटी लाइट्स'चा (१९३१) शेवट तुम्ही बघितला असेलच. आंधळ्या फुलवालीला वाटत असतं आपल्याला मदत करणारा कुणी श्रीमंत माणूस आहे. दृष्टी आल्यावर समोरच्या फाटक्या माणसाला ती दयेने फूल आणि नाणं देते, नाणं ठेवताना त्याचा हात हातात येतो आणि हाताच्या स्पर्शावरून तिला कळतं. तो काहीच सांगत नाही. ओळखायचं की नाही हे तिच्या हातात राहतं.

म्हणून सांगा, जरूर सांगा, पण गेट-टुगेदरमध्ये नको. तिथे चाळीस जण असतील, कुणीतरी टाळ्या वाजवेल, कुणी मोबाइल काढेल आणि त्यांना हसून साजरं करण्याशिवाय दुसरं काही करता येणार नाही. तिथे फक्त भेटा, पेटी अजून वाजवता का विचारा. नंतर सहावं पत्र लिहा. पहिल्या पाचांसारखंच, गाण्याबद्दल, फार मोठं नको, मागितलंय असं काहीच नको. या वेळी खाली पूर्ण नाव, पत्ता आणि फोन नंबर लिहा, पोस्टात टाका, आणि फोन तुम्ही करू नका.